नळ बंद करताच भिंतीत ‘धाड’ असा आवाज येतो. फरशी फोडावी लागेल का?

दुसरामजला (पुणे)

आम्ही कोथरूडमधील एका सात मजली इमारतीत दुसऱ्या मजल्यावर राहतो. इमारत २००८ साली पूर्ण झाली. सर्व घरांना गच्चीवरील टाकीतून पाणी येते आणि आमच्या घरात स्वतंत्र प्रेशर पंप नाही. गेल्या दिवाळीपूर्वी आम्ही न्हाणीघर आणि संडास यांचे काम नव्याने करून घेतले. त्या वेळी गंजलेली जुनी जीआय (जस्ताचा मुलामा दिलेल्या लोखंडी पाइपची) लाइन बाद करून सीपीव्हीसीची (गरम पाणीही चालणाऱ्या प्लास्टिक पाइपची) नवी लाइन टाकली आणि तीन-चार फेरे द्यावे लागणाऱ्या पितळी तोट्यांच्या जागी पाव फेऱ्यात उघडणाऱ्या तोट्या बसवल्या. काम देखणे झाले. मात्र तेव्हापासून घरात असे आवाज येऊ लागले आहेत, जे त्यापूर्वीच्या पंधरा वर्षांत कधी ऐकले नव्हते.

पहिला आवाज संडासातील जेटचा (हाताने धरायच्या फवाऱ्याचा) आहे. जेटचा खटका सोडताच भिंतीत कोणी आतून बुक्की मारावी तसा ‘धाड’ असा आवाज होतो आणि त्यामागोमाग दोन-तीन लहान ठोके ऐकू येतात. याच भिंतीच्या पलीकडे स्वयंपाकघरातील मांडणी आहे, त्यामुळे प्रत्येक वेळी तिथले स्टीलचे डबे किणकिणतात. कपडे धुण्याचे यंत्र पाणी घेणे थांबवते तेव्हाही असाच ठोका बसतो. दुसरा आवाज रोज पहाटे सव्वापाचच्या सुमारास सुरू होतो: न्हाणीघराच्या भिंतीतून सुमारे वीस मिनिटे घुमल्यासारखा आवाज येत राहतो आणि शेवटी एकच मोठा दणका बसतो, मग शांतता. तिसरा आवाज गरम पाण्याचा. अंघोळ झाल्यानंतर दहा-पंधरा मिनिटे गिझरच्या खालच्या भिंतीत टक-टक चालू असते.

माझ्या सासूबाई अठ्ठ्याहत्तर वर्षांच्या आहेत. पहाटेच्या दणक्याने त्या दचकून उठतात आणि मग त्यांना झोप लागत नाही. खालच्या मजल्यावरील शेजाऱ्यांनीही, रात्री आम्ही भिंतीत खिळे ठोकतो की काय, अशी सौम्य शब्दांत विचारणा केली आहे.

आतापर्यंत दोन प्लंबर येऊन गेले. पहिल्याने ‘लाइनमध्ये हवा धरली आहे’ असे सांगून मुख्य कॉक बंद केला, घरातील सर्व नळ उघडून लाइन पूर्ण रिकामी केली आणि पुन्हा भरली. त्यानंतर दोन दिवस खरोखरच आवाज जवळजवळ बंद झाला होता, तिसऱ्या दिवशी तो पूर्ववत झाला. दुसऱ्याने पाच मिनिटे पाहून, लाइनच चुकीची टाकली असल्याने फरशी फोडून ती पुन्हा करावी लागेल, असा निर्वाळा दिला. जेमतेम वर्षभरापूर्वी लावलेली फरशी फोडण्याची मनाची तयारी होत नाही. गेले आठ दिवस मी कालनिर्णयावरील दुधाच्या हिशेबाच्या चौकटीत आवाजांच्या वेळाही लिहून ठेवत आहे. त्यावरून एवढे स्पष्ट झाले की जेट आणि यंत्र यांचे ठोके आमच्या वापराशी जुळतात, पहाटेचा आवाज मात्र आमच्या घरात एकही नळ उघडलेला नसताना येतो. शिवाय रात्री साडेदहाच्या आसपास एक-दोन ठोके असे बसतात की ज्यांचा मेळ कशाशीच लागत नाही.

या आवाजांची कारणे कोणती असावीत, त्यांपासून पाइपला धोका आहे का आणि फरशी न फोडता काही करता येईल का, याबद्दल जाणकारांनी कृपया मार्गदर्शन करावे.

---

निवृत्त_अभियंता

आपण वेळांची नोंद ठेवली आहे, त्यामुळे निम्मे काम आधीच झाले आहे. बहुतेक जण ‘पाइप वाजतात’ एवढेच सांगतात आणि मग प्लंबरही अंदाजाने काहीतरी बदलत राहतो. आपल्या वर्णनावरून हे तीन वेगवेगळे दोष दिसतात आणि एका उपायाने तिन्ही जाणार नाहीत. आधी जेटच्या आवाजाबद्दल लिहितो, कारण तोच पाइपला त्रासदायक आहे.

नळ चालू असताना तोटीपासून वरच्या लाइनपर्यंतचे पाणी एका लांब काठीसारखे पुढे सरकत असते. अर्ध्या इंचाच्या पाइपमधून पंधरा लिटरची बादली सव्वा मिनिटात भरत असेल, तर आतील पाण्याचा वेग सेकंदाला सुमारे दीड मीटर असतो. तोटी एकदम बंद केली की या चालत्या पाण्याला जायला जागा राहत नाही. त्याची गती दाबात रूपांतरित होते आणि तो दाब लाटेसारखा पाइपमधून मागे धावतो, मोठ्या लाइनवर किंवा टाकीवर आपटून परत येतो, पुन्हा जातो. ‘धाड’ नंतर आपल्याला जे लहान ठोके ऐकू येतात, ते या लाटेच्या येरझाऱ्यांचे. याला आमच्या व्यवसायात वॉटर हॅमर म्हणतात. निकोलाय झुकोव्स्की या रशियन शास्त्रज्ञाने मॉस्कोच्या पाणीपुरवठ्याच्या नळांवर प्रयोग करून १८९८ साली याचे गणित मांडले आणि आजही तेच सूत्र वापरले जाते: पाण्याची घनता, लाटेचा वेग आणि पाण्याच्या वेगात झालेला बदल या तिघांचा गुणाकार केला की वाढलेला दाब मिळतो.

हे सूत्र आपल्या घराला लावून पाहू. आपल्या नळापासून गच्चीवरील टाकीतील पाण्याची पातळी सुमारे अठरा ते वीस मीटर उंच असेल. दहा मीटरला एक किलो (म्हणजे दर चौरस सेंटिमीटरवर एक किलो) या हिशेबाने आपल्याकडे एरवीचा दाब जेमतेम दोन किलो आहे, म्हणजे तो मुळीच जास्त नाही. लोखंडी पाइपमध्ये दाबाची लाट सेकंदाला सुमारे तेराशे मीटर वेगाने धावते, सीपीव्हीसीमध्ये चारशे ते साडेचारशे मीटर वेगाने. म्हणून सेकंदाला एक मीटर वेगाने जाणारे पाणी क्षणात थांबवले, तर लोखंडी पाइपमध्ये सुमारे तेरा किलोंचा आणि सीपीव्हीसीमध्ये चार ते साडेचार किलोंचा धक्का बसतो. येथे आपल्या मनात साहजिकच प्रश्न येईल की नव्या पाइपमध्ये धक्का कमी बसतो, तर आवाज नव्या पाइपनंतरच कसा सुरू झाला?

त्याची दोन कारणे आहेत. धक्क्याचा पूर्ण आकडा तेव्हाच गाठला जातो, जेव्हा लाट जाऊन परत येण्याच्या आत तोटी बंद होते. आपल्या लाइनमध्ये टाकीपर्यंत जाऊन येण्यास लाटेला अंदाजे एक दशांश सेकंद लागत असावा. जुनी पितळी तोटी बंद करण्यास दोन-तीन सेकंद लागत, त्यामुळे पाणी हळूहळू थांबे आणि दाब वाढण्यापूर्वीच ओसरून जाई. जेटचा खटका स्प्रिंगने मिटतो, यंत्रातील विजेवर चालणारा व्हॉल्व्हही तसाच झटक्यात मिटतो. पाव फेऱ्याच्या तोट्या त्यांच्या पाठोपाठ येतात. दुसरे कारण पाइपच्या बांधणीचे. जीआय पाइप जड आणि ताठ असतो, शिवाय तो सिमेंटमध्ये पक्का बसलेला असतो. सीपीव्हीसी हलका आणि लवचीक असतो. त्याला वेळोवेळी क्लॅम्पने धरले नाही, तर प्रत्येक धक्क्याला वळणावरचा एल्बो उडी मारतो आणि शेजारच्या वस्तूवर आपटतो. आपण ऐकता तो आवाज बहुधा पाण्याचा नसून पाइप भिंतीवर किंवा दुसऱ्या पाइपवर आपटल्याचा आहे.

आता पहिल्या प्लंबरच्या हवेबद्दल. त्याने लाइन रिकामी केल्यावर दोन दिवस आवाज थांबला, हा आपल्या संपूर्ण वर्णनातील मला सर्वांत उपयुक्त वाटलेला तपशील आहे. लाइन रिकामी करून भरताना, वरच्या बाजूला बंद असलेल्या तुकड्यांमध्ये, उदाहरणार्थ शॉवरकडे जाणाऱ्या उभ्या पाइपमध्ये, थोडी हवा अडकून राहते. पाणी दाबले जात नाही, हवा दाबली जाते. त्यामुळे ती हवा उशीसारखी काम करून धक्का गिळते. दोन दिवसांत ती पाण्यात विरघळली किंवा नळावाटे निघून गेली आणि आवाज परतला. म्हणजे त्याने जिला रोग ठरवले, तीच हवा दोन दिवस औषधासारखी उपयोगी पडली. जुन्या काळी याच तत्त्वावर तोटीजवळ हात-दीड हात उंचीचा, वरून बंद केलेला उभा पाइपचा तुकडा मुद्दाम ठेवत असत. त्याचा दोष असा की काही महिन्यांत त्यात पाणी भरते आणि लाइन पुन्हा रिकामी करावी लागते. आता त्यासाठी अरेस्टर नावाची लहान बाटलीसारखी वस्तू मिळते. तिच्यात हवा आणि पाणी यांच्यामध्ये पिस्टन किंवा रबरी पडदा असतो, त्यामुळे हवा निघून जात नाही.

खर्च करण्यापूर्वी एक चाचणी अवश्य करावी. न्हाणीघरातील नळ पूर्ण उघडून तो मनात एक ते तीन मोजत सावकाश बंद करावा. आवाज आला नाही, तर निदान पक्के झाले. जेटचा खटका सावकाश सोडता येत नाही. त्यासाठी त्याच्या खालचा अँगल कॉक, म्हणजे जेटच्या नळीला पाणी देणारा भिंतीवरचा छोटा कॉक, अर्ध्याहून अधिक मिटवून पाहावे. पाण्याचा वेग निम्मा झाला की धक्काही निम्म्यावर येतो, हे वरच्या सूत्रावरूनच दिसते, आणि जेटला तेवढे पाणी पुरतेही. त्यानंतर डक्टमध्ये, म्हणजे न्हाणीघरामागे पाइप नेण्यासाठी ठेवलेल्या उभ्या मोकळ्या जागेत, बॅटरी मारून पाइपला क्लॅम्प किती आहेत ते पाहावे. आधी बांधणी, मग अरेस्टर, हाच क्रम ठेवावा. पाइप मोकळा लोंबत असताना अरेस्टर बसवला, तर आवाज कमी होतो पण जात नाही, आणि मग अरेस्टर खराब निघाला अशी समजूत होते. अरेस्टर बसवायचा तर तो दोषी व्हॉल्व्हच्या अगदी जवळ हवा. यंत्राच्या नळीपूर्वी आट्यांवर फिरवून बसणारा प्रकार मिळतो, त्याला भिंत खणावी लागत नाही.

टक-टक हा आवाज निराळा आहे आणि निरुपद्रवी आहे. सीपीव्हीसी उष्णतेने लोखंडाच्या पाच-सहा पट प्रसरण पावतो. एक मीटर पाइप एका अंशाला सुमारे सहा ते सात शतांश मिलिमीटर वाढतो. आपली गरम पाण्याची लाइन चार मीटर धरली आणि तापमान पंचवीसवरून साठ अंशांवर गेले, तर ती नऊ मिलिमीटरच्या आसपास लांबते आणि पाणी थांबल्यावर पुन्हा आखडते. ती सिमेंटमध्ये घट्ट बसलेली असली, की अडकत-सुटत सरकते. प्रत्येक सुटण्याला एक टक. प्लास्टर करण्यापूर्वी या पाइपवर फोमची नळी चढवली असती, तर हा आवाज आला नसता. आता गिझरचे तापमान पंचावन्नच्या आसपास आणले, तर तो सौम्य होईल. येथे एक सावधगिरी सांगतो: डक्टमध्ये क्लॅम्प लावताना गार पाण्याची लाइन पक्की आवळावी, परंतु गरम पाण्याच्या लाइनला क्लॅम्पमधून सरकण्यापुरती ढिलाई ठेवावी. सगळे क्लॅम्प सारखेच आवळण्याच्या उत्साहात एक आवाज घालवून दुसरा वाढवलेला मी पाहिला आहे.

पहाटेचा आवाज आपल्या घराचा नाही. सव्वापाच वाजता आपल्या इमारतीचा पंप सुरू होतो का, एवढे पहारेकऱ्याला विचारावे.

---

माजी_सचिव_डोंबिवली

वरील प्रतिसादातील शेवटचा तर्क बरोबर असणार, हे मी अनुभवावरून सांगतो. आमच्या इमारतीत हाच प्रकार चौदा महिने चालला आणि त्यातील बारा महिने आम्ही सहाव्या मजल्यावरील एका कुटुंबाला दोष देण्यात घालवले. त्यांनी नवे न्हाणीघर केले होते, एवढाच त्यांचा अपराध होता. वार्षिक सभेच्या इतिवृत्तात त्यांच्याविरुद्ध दोन ठराव आहेत, ते आज वाचताना संकोच वाटतो.

ताई, आपण लिहिलेला ‘शेवटी एकच दणका’ हा पंपाजवळील एनआरव्हीचा (पाणी एकाच दिशेने जाऊ देणाऱ्या व्हॉल्व्हचा) आहे. पंप जमिनीखालच्या टाकीतून गच्चीवर पाणी चढवतो. पंप बंद होताच, वर चढत असलेला पाण्याचा पंचवीस मीटरचा स्तंभ क्षणभर थांबतो आणि मग खाली येऊ लागतो. तो खाली येऊ नये म्हणूनच एनआरव्ही बसवलेला असतो. पण बहुतेक इमारतींत साध्या झडपेचा एनआरव्ही असतो आणि ही झडप स्वतःहून मिटत नाही. पाणी उलटे वाहू लागले की त्या पाण्याच्या लोंढ्याबरोबर ती आपटते. तोच दणका संपूर्ण उभ्या पाइपमधून वर जातो. स्प्रिंग असलेला एनआरव्ही मिळतो. त्यातील चकती पाणी थांबता थांबताच, म्हणजे उलटा प्रवाह सुरू होण्यापूर्वीच मिटते. आम्ही तो बदलला त्या रात्री पहारेकऱ्याने वर येऊन ‘पंप बंद पडला आहे का’ असे विचारले होते, कारण त्याला दणका ऐकू आला नव्हता.

घुमण्याचा आवाज वेगळा. तो पंपाच्या कंपनांचा असतो आणि चढत्या पाइपला जिथे जिथे भिंतीत क्लॅम्प मारलेले असतात, तिथून तो भिंतीत शिरतो. पंपाच्या मुखाशी रबरी बेलो (लवचीक जोड) बसवणे, पंपाच्या चौथऱ्याखाली रबराचे जाड तुकडे देणे आणि क्लॅम्प व पाइप यांच्यामध्ये रबर घालणे, या तीन गोष्टींनी आमच्याकडे तो बराच कमी झाला, पूर्ण गेला नाही. हा सर्व खर्च संस्थेने करावयाचा आहे, कारण पंप आणि चढती लाइन सामाईक आहे. अर्ज लेखी द्यावा आणि पोच घ्यावी.

तळमजल्यावरचे कोणी हे वाचत असतील तर त्यांच्यासाठी एक गोष्ट जोडतो. जमिनीखालच्या टाकीत महापालिकेचे पाणी बॉल कॉकमधून पडते. टाकी भरत आली की पडणाऱ्या पाण्याने लाटा उठतात, त्यांवर फुगा वरखाली होतो, कॉक उघडझाप करतो आणि अर्धा-अर्धा तास ‘ठक-ठक’ चालते. पाणी पडते तिथे एक पाइप टाकीच्या तळाजवळ उतरवला की पृष्ठभागावरची खळबळ थांबते.

---

नळवाला८८

एवढे सगळे करण्यापेक्षा डक्टमधील आपल्या घराचा मुख्य गेट व्हॉल्व्ह अर्धा बंद करून ठेवावा. पाणी कमी येईल आणि आवाजही येणार नाही. आम्ही तसेच केले आहे.

---

निवृत्त_अभियंता

या उपायाने वेग कमी होतो हे खरे आहे, परंतु गेट व्हॉल्व्ह हा पूर्ण उघडा किंवा पूर्ण बंद ठेवण्यासाठीच बनवलेला असतो. अर्धवट ठेवला की त्यातील पाचर आधाराविना लटकते आणि प्रवाहात खडखडते, अरुंद फटीतून जाणारे पाणी सुसाट्याचा आवाज करते आणि काही वर्षांत बैठक झिजून तो पूर्ण बंद होईनासा होतो. ज्या दिवशी घरात एखादी नळी फुटेल, त्या दिवशी त्याची खरी गरज पडेल आणि नेमका तेव्हाच तो दगा देईल. वेग कमी करावयाचा असेल तर तो प्रत्येक ठिकाणच्या अँगल कॉकवर करावा.

---

रंकाळ्याजवळचा

आमचे कोल्हापुरात स्वतंत्र घर आहे आणि वरच्या चर्चेत ‘हवा’ या निदानाची थोडी थट्टा झाल्यासारखी वाटली, म्हणून लिहीत आहे. ठरावीक वेळीच पाणी येणाऱ्या गावांत हवा हे खरोखर मोठे कारण असते. पाणी बंद झाल्यावर रस्त्याखालील लाइन उतारावरच्या घरांतून रिकामी होते आणि तिच्यात हवा शिरते. दुसऱ्या दिवशी पाणी सुटले की ती सगळी हवा पुढे ढकलली जाते. नळ आधी फुसफुसतो, मग फुरफुरतो, मग थुंकल्यासारखे पाणी फेकतो आणि पाइप गदागदा हलतो. मीटरचा काटा तर पाणी येण्याच्या आधीच भिरभिरू लागतो. आमच्या आईने यावर काढलेला मार्ग असा की पाणी येण्याच्या वेळी घरातील सर्वांत उंचावरचा नळ थोडा उघडा ठेवायचा आणि त्यातून सलग धार लागली की बंद करायचा. पुढे आम्ही लाइनच्या सर्वांत उंच ठिकाणी लहान एअर व्हॉल्व्ह बसवला, तेव्हापासून तीही कसरत संपली.

गच्चीवर टाकी असलेल्या इमारतीतही, डाउनटेक लाइन (टाकीतून घराघरांत पाणी खाली आणणारा उभा पाइप) जिथून सुरू होते तिथे टाकीच्या पाण्याच्या पातळीहून उंच गेलेला उघडा व्हेंट पाइप असावा लागतो. तो नसेल, किंवा कबुतरांच्या घरट्याने बुजला असेल, तर टाकी रिकामी झाल्यावर अडकलेली हवा घराघरांतील नळांतूनच बाहेर पडते. आवाज हवेचा की धक्क्याचा, हे ओळखणे सोपे आहे: हवेचा आवाज पाणी चालू असताना येतो आणि धार तुटक येते, धक्क्याचा आवाज पाणी थांबवताना येतो. प्रश्नकर्तीच्या घरी दुसरा प्रकार आहे, याबद्दल माझे दुमत नाही.

---

दुसरामजला (पुणे)

सर्वांचे मनःपूर्वक आभार. तीन आठवड्यांनी लिहीत आहे, कारण प्रत्येक बदलानंतर दोन-तीन दिवस थांबून नोंद करावी असे ठरवले होते.

सावकाश नळ बंद करण्याची चाचणी त्याच दिवशी केली. एक, दोन, तीन मोजत बंद केला तर डब्यांचा आवाजसुद्धा आला नाही. झटक्यात बंद केला की धाड. सासूबाईंनी स्वतः चार वेळा करून पाहिले आणि मगच त्यांची खात्री पटली. त्यानंतर न्हाणीघराच्या झरोक्याची काच काढून डक्टमध्ये बॅटरी मारली. आमच्या नव्या लाइनला डाउनटेकपासून भिंतीपर्यंत सुमारे सात फुटांच्या अंतरात एकच क्लॅम्प होता आणि त्याचाही एक स्क्रू निघालेला होता. नव्या लाइनच्या एल्बोला लागूनच, बाद केलेला जुना जीआय पाइप न काढता तसाच सोडलेला आहे. एल्बोच्या पिवळट पाठीवर रुपयाच्या नाण्याएवढा तपकिरी गंजाचा डाग पडला होता आणि जीआय पाइपवर त्याच उंचीवर तेवढाच भाग घासून चकचकीत झाला होता. मी जेट दाबून सोडला आणि माझ्या मुलाने बॅटरीच्या उजेडात पाहिले: पाइप बोटभर मागे सरकून जुन्या पाइपवर आपटला. इतके महिने भिंतीत कोण बुक्क्या मारते, याचे उत्तर डोळ्यांनी दिसले.

तिसऱ्या प्लंबरने फरशीला हात न लावता दीड तासात काम केले. त्याने डक्टमध्ये चार नवे क्लॅम्प मारले, त्यांच्या आत सायकलच्या जुन्या ट्यूबच्या पट्ट्या कापून घातल्या आणि एल्बो जीआय पाइपपासून दोन इंच दूर घेतला. गरम पाण्याच्या लाइनचे क्लॅम्प ढिले ठेवण्याबद्दल मी सांगितले, तेव्हा त्याने ‘हे तुम्हाला कोणी सांगितले’ असे कौतुकाने विचारले. जेटचा अँगल कॉक आता दीड फेरा मिटवलेला आहे. एवढ्यानेच जेटचा ठोका जवळजवळ संपला. कपडे धुण्याच्या यंत्राचा ठोका सौम्य झाला तरी ऐकू येत होता, म्हणून तिथे आट्यांवर बसणारा अरेस्टर लावला आणि तोही थांबला.

पहाटेचा आवाज पंपाचाच निघाला. पहारेकरी सव्वापाच वाजता पंप लावतो आणि टाकी भरली की बंद करतो. आमच्या समितीने एनआरव्ही बदलण्याचा विषय पुढच्या सभेत घेण्याचे लेखी मान्य केले आहे. तोवर पंपाची वेळ सव्वासहा केली आहे. दणका अजून बसतो, मात्र त्या वेळी सासूबाई चहा घेत असतात.

राहिला प्रश्न रात्री साडेदहाच्या ठोक्यांचा. आमचे सर्व आवाज थांबल्यावर तो एकटाच उरला, त्यामुळे शोधणे सोपे गेले. एका रात्री मी डाउनटेकला हात लावून उभी राहिले असता ठोका वरून आल्याचे स्पष्ट जाणवले. चौथ्या मजल्यावर राहणाऱ्या, उशिरा कामावरून येणाऱ्या एका तरुण दांपत्याचे कपडे धुण्याचे यंत्र त्या वेळी चालू असते. मधल्या तिसऱ्या मजल्यावर हा आवाज कोणालाच येत नाही, हे मात्र मला अजून उलगडलेले नाही. मी डोंबिवलीच्या अनुभवाची आठवण ठेवून तक्रार न करता हातात राहिलेला दुसरा अरेस्टरच घेऊन वर गेले. त्यांनी तो लगेच लावून घेतला.

टक-टक अजून आहे. गिझर पंचावन्नवर आणल्यापासून ती पाच-सात मिनिटांत थांबते आणि तेवढ्यासाठी फरशी फोडायची नाही, असे घरात एकमताने ठरले आहे.

---

निवृत्त_अभियंता

उत्तम काम झाले. तिसऱ्या मजल्यावर आवाज न येण्याचे कारण बहुधा एवढेच आहे की तिथे डाउनटेक लाइन भिंतीला कुठे टेकलेली नाही किंवा तिथला जोड अजून लोखंडी आणि पक्का आहे. पाइपमधून धक्का सगळीकडे जातो, पण जिथे काही सैल असते तिथेच तो वाजतो.

एक गोष्ट मात्र राहिली आहे. आपला बाद केलेला जीआय पाइप डाउनटेकला अजून जोडलेला आहे का, हे पुढच्या वेळी प्लंबर आला की पाहून घ्यावे. जोडलेला असेल तर त्यात जुने गंजके पाणी साचून राहते आणि वर्षा-दोन वर्षांत तोच पाइप डक्टमध्ये गळू लागतो. तो भिंतीपाशी बंद करून उपयोग नाही. डाउनटेकवरील ‘टी’ जोडापाशीच, म्हणजे तो पाइप जिथून फुटतो तिथेच, प्लग मारावा. त्यासाठी संपूर्ण डाउनटेक रिकामी करावी लागेल, तेव्हा तिच्यावर अवलंबून असलेल्या सर्व मजल्यांना आदल्या दिवशी कळवावे आणि पाणी पुन्हा सोडताना गच्चीवरचा व्हॉल्व्ह अगदी सावकाश उघडावा.